मेस्त्री उद्या येतो म्हणेल तेव्हा

आग्नेल,

तुला माती देऊन चार दिवसही झाले नव्हते आणि आम्ही तुझ्या नावाची कमान बांधायला निघालो होतो.

वाडीच्या मंडळाच्या खोलीत बसलो होतो. विषय बाळाने काढला. ज्याला तू बारावीला अर्थशास्त्र शिकवलंस आणि ज्याच्या तीन होड्या आता पर्यटकांना डॉल्फिन दाखवायला नेतात, तोच बाळा. बोलताना त्याचे डोळे भरले होते. "मी मास्तरांच्या विषयात दोनदा नापास झालंय," तो म्हणाला, "पण माणूस कसो होतो ता माका म्हायत आसा. रस्त्यावर कमान होऊकच होयी. आणि जुन्या कमानीपेक्षा उंच. खालसून बस जाऊक होयी." सगळे माझ्याकडे बघून हसले. कोणाचा विरोध नव्हता. अध्यक्ष म्हणून माझाही नव्हता. हंगाम चांगला चालला आहे, मंडळाकडे पैसे आहेत, माणूस आपला होता. आणखी काय लागतं?

गुरू मेस्त्रीला विचारायचं काम माझ्याकडे आलं. मी अंगणात येऊन फोन लावला.

"अध्यक्षानू, मास्तरांचा काम म्हटल्यार मी नाय म्हणूचंय नाय," गुरू म्हणाला. "पण तीन महिने थांबूचा लागतला. हातात सात घरा आसत आणि माणसा दोनच."

फोन खिशात टाकला आणि तिथेच पायरीवर बसलो. दर महिन्याच्या एक तारखेला तू जो प्रश्न विचारायचास, तो इतक्या वर्षांत माझ्या कानात घर करून राहिला आहे. "विल्या, मेस्त्री किती दिवस सांगता?"

तीन महिने सांगतो, आग्नेल. म्हणजे तुझ्या नियमाप्रमाणे आम्हाला जांभ्याचा एक चिरासुद्धा विकत घ्यायचा अधिकार नाही. तुझ्या नावाने तर नाहीच नाही.

हा नियम कसा झाला ते वाडीतल्या नव्या पोरांना ठाऊक नाही, म्हणून ते इथे लिहून ठेवतो. गोव्याच्या खाणी थांबल्या, त्या वर्षी ट्रकवर गेलेले आपले सात-आठ जण परत आले आणि दिवसभर धक्क्यावर बसून राहू लागले. त्या साली बांगडाही रुसला होता. तू मला धक्क्यावर नेऊन उभं केलंस. "बघ. ह्यातलो एकय माणूस आळशी नाय. गिऱ्हाईक नाय म्हणान दुकानदार माल भरणा नाय. माल नाय म्हणान टेम्पोवालो बसान आसा. आणि टेम्पोवालो बसान म्हणान दुकानाक गिऱ्हाईक नाय. सगळे एकमेकाची वाट बघतत. कोणीतरी पयली सुरुवात करूक होयी."

"कोणी?" मी विचारलं.

"जेका पोटाची घाई नाय तेणी. सरकारान. नायतर मंडळान."

मंडळाची जी काही शिल्लक होती त्यातून तू हट्टाने खाडीवरच्या धक्क्याच्या पायऱ्या बांधायला लावल्यास. मेस्त्री गुरू, हात वाडीतले. काम मोठं नव्हतं, पण त्या पावसाळ्याआधीचे महिने आठ घरांत चूल नीट पेटली, त्या आठ घरांनी दुकान हलतं ठेवलं आणि दुकानाने टेम्पो. ट्रकवरचे तिघे गुरूकडे चिरा तासायला शिकले आणि त्याच्याकडेच राहिले. गुरूची टोळी अशी तयार झाली. त्या पायऱ्यांवरून आजही माणसं होडीत चढतात, आणि त्यातल्या कोणाला त्या मंदीत बांधलेल्या आहेत हे माहीत नाही.

मग दिवस सुधारले. तेव्हा तू म्हणालास की पुढच्या वेळी आपण असे गाफील सापडता कामा नये. मंदी आली हे दिल्लीला कळेपर्यंत ती अर्धी होऊन गेलेली असते, कारण आकडे मागाहून येतात. आपल्याकडे आकडे नाहीत, पण गुरू मेस्त्री आहे. त्याला बोलावल्यावर तो दुसऱ्या दिवशी येत असेल तर दिवस वाईट आहेत असं समजायचं आणि यादीतलं पहिलं काम काढायचं. महिनाभर थांबायला सांगत असेल तर दिवस चांगले आहेत. मंडळाने पैसे बाजूला टाकायचे आणि गप्प बसायचं. यादी तू शाळेच्या वहीत मापांसकट लिहून ठेवली होतीस. विहिरीचा उपसा, शाळेकडची पायवाट, तरीवर, खाडी ओलांडायच्या होडीसाठी, थांबणाऱ्यांना निवारा. "काम तयार होया," म्हणायचास, "नायतर मंदी येता आणि कागद फिरत रवतत."

मला यातलं दुसरं कलम पटत नव्हतं. हातात पैसा असताना हात आखडायचा हे कुठलं शहाणपण? त्यावरून आपण तुझ्या स्वयंपाकघरात वाद घातला होता. फिलूवहिनी पेज शिजवत होत्या. पेज उतू जायला आली, त्यांनी बोलता बोलता चुलीतलं लाकूड मागे ओढलं. तू बोट दाखवलंस. "देशाची मोठी बँक व्याज वाढयता म्हणजे ह्याच करता. पेज थंड झाली की लाकूड परत आत सारता. लाकूड सारणाऱ्याक सगळे बरा म्हणतत. ओढणाऱ्याक शिव्यो."

"पण ओढूचा केवा ता कसा कळतला?" मी म्हणालो. "लाकूड ओढल्यार पण निखारे तापतच रवतत."

तू खूश झालास. विद्यार्थ्याने अनपेक्षित बरोबर उत्तर दिल्यावर शिक्षक होतो तसा. "ताच तर! पेज वर इल्यार लाकूड ओढलस तर उशीर झालो. म्हणान आधी नियम करूचो आणि मन कितीय सांगूने, नियमाप्रमाणे चलाचा."

वहिनी म्हणाल्या, "दोघाय चुलीम्होरसून उठा आदी. पेज कोणाक होयी?"

आता माझी गोष्ट.

पर्यटक वाढले ती वर्षं तुला आठवतात. माझ्या घरामागे चार खोल्या झाल्या, मग आठ. शनिवारी रस्त्यावर गाड्या मावत नव्हत्या. मी अध्यक्ष झालो आणि वाडीच्या तोंडाशी स्वागत कमान हवी असं मला वाटायला लागलं. गुरू तेव्हा चार महिने सांगत होता. मी म्हटलं, गुरू नाही तर दुसरा. बाहेरून मेस्त्री आणला, दुप्पट मजुरी दिली. तुझी यादी, तुझा नियम, साठवलेली शिल्लक, सगळं बाजूला सारलं. सभेत तू एकटा उभा राहिलास. फार बोलला नाहीस. एवढंच म्हणालास की सगळे बांधतायत तेव्हा आपण बांधलं तर आपण फक्त भाव वाढवतो, आणि सगळे थांबतील तेव्हा आपल्याकडे काही उरणार नाही.

मी काय म्हणालो ते मी शब्दाशब्दाने लिहितो, कारण आजवर ते मी सौम्य करून आठवत आलो.

"मास्तरानू, तुमचो पगार पयल्या तारखेक येता. मंदी तुमका पुस्तकात दिसता. आमका दर्यात दिसता. शिकवण्यो कॉलेजात करा."

लोक हसले. मी ते हसण्यासाठीच बोललो होतो. तू खाली बसलास, चष्मा पुसलास आणि ठरावावर हात वर केला नाहीस. कमान झाली. घाईत बुटकी झाली. मोठ्या बसगाड्या अजून तिच्या अलीकडे थांबतात आणि माणसं बॅगा ओढत आत येतात. वाडीत यावरून सगळे मला चिडवतात. तू एकट्याने कधी चिडवलं नाहीस, आणि ते मला सगळ्यांत जास्त लागत राहिलं.

पुढच्याच उन्हाळ्यात टाळेबंदी आली. आठ खोल्यांना कुलूप लागलं. त्यामागोमाग एक वादळ येऊन गेलं. एक मात्र खरं, आणि ते तूच नंतर कबूल केलंस: पहिल्या काही महिन्यांत शिल्लक असती तरी उपयोग नव्हता. तेव्हा माणसांना कामाला बोलावणं शक्य नव्हतं. त्यांना तांदूळ हवे होते आणि ते सरकारने दिले. "प्रत्येक दुखण्याक तोच पालो चलणा नाय," म्हणालास. पण बंदी उठल्यावर जे दीड-दोन वर्षं रेंगाळलं ते तू सांगितलेलंच होतं. कोणी बांधत नव्हतं, कोणी येत नव्हतं, सगळे एकमेकांची वाट बघत होते. त्या वेळी तुझी यादी काढायला हवी होती. यादी होती. गुरू रोज सकाळी रिकाम्या हाताने धक्क्यावर यायचा. मंडळाकडे मात्र एक कमान होती.

तू स्वतःच्या पगारातून विहिरीचा उपसा करून घेतलास. विचारलं तर सांगितलंस की आईच्या नावाने करतोय. चार माणसं, दोन आठवडे. त्याहून जास्त एका पगारात बसत नव्हतं. मी कुंपणाच्या गडग्याआडून बघत होतो आणि विहिरीवर आलो नाही.

मग गुरू गेला. गोव्यात एका इमारतीवर वॉचमन म्हणून. पन्नाशीचा माणूस, ज्याने लावलेल्या चिऱ्यात सुईदेखील शिरत नाही, तो खुर्चीवर बसून गाड्यांचे नंबर लिहायला लागला. त्याची टोळी फुटली. एक जण सावंतवाडीत दुकानात लागला, दोघे पुण्याला गेले ते गेलेच. पर्यटक परत आले, माझ्या खोल्या भरल्या. गुरूही परत आला, पण एकटा. आज तो तीन महिने थांबायला सांगतो त्याला फक्त तेजी कारण नाही. मी मोडलेली टोळीही कारण आहे. मंदी आली आणि गेली असं आपण सहज म्हणतो. तिने नेलेले हात परत येत नाहीत.

हे सगळं तुला सांगायला मी एकदा आलो होतो. गेल्या वर्षी, तू ओसरीवर पेपर तपासत होतास. मी अर्धा तास बसलो, सुरमईचा भाव काय झालाय यावर बोललो आणि उठलो. फाटकापाशी तू म्हणालास, "विल्या, दुसरा काय सांगूचा होता काय?" मी म्हटलं, नाय रे. तू मान हलवलीस. तुला ठाऊक होतं. तुला ठाऊक होतं आणि तू मला तिथून मोकळं जाऊ दिलंस, याबद्दल मी तुझे आभार मानू की तुझ्यावर रागावू, हे अजून ठरत नाही.

आपला शेवटचा वादही अर्धाच राहिला. मी म्हणालो होतो की आपण एका वाडीतली माणसं, एका मेस्त्रीवरून देशाची हवा काय ओळखणार आणि ओळखून काय करणार? भरतीनंतर ओहोटी यायचीच. तू वैतागलास. "भरती-ओहोटीचा कोष्टक माझ्या भिंतीर लावलेला आसा. मंदीचा कोष्टक दाखव बघूया! ती आपोआप येणा नाय आणि आपोआप जाणा नाय. माणसा आणतत, माणसाच घालवतत. दिल्लीतले तांचा ता करतले. आपली चूल आपल्या हातात आसा मां?" उद्या बोलू म्हणून मी उठलो. तो उद्या आला, पण तेव्हा तू बोलायला नव्हतास.

तर पायरीवर बसून मी ठरवलं. कमान होऊ द्यायची नाही. पण सभेआधी फिलूवहिनींना सांगायला हवं होतं.

त्या मागच्या दारी कोकमं वाळत घालत होत्या. मी सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, त्या लगेच म्हणतील की बरोबर आहे, त्याला हेच आवडलं असतं. तसं झालं नाही. त्यांचे हात थांबले.

"म्हणजे तेच्या नावाचा काय होऊचाच नाय?"

"होतला, वहिनी. दिवस वायट येतले तेवा."

"ते केवा येतले?"

"ता कोणाक सांगूक येवचा नाय."

"आणि मी तोपर्यंत आसंन?" त्या माझ्याकडे बघत राहिल्या. "भावजीनू, माका तेचा नाव रस्त्यावर वाचूचा आसा. जाता येता. इतक्याच. जल्मभर ह्या घरात मंदीची बोलणी आयकलंय. आता तो गेलो, तरी मंदीची वाट मीच बघू?"

 त्या रडल्या नाहीत. सूप उचलून आत गेल्या. मी अंगणात उभा राहिलो, जावं की थांबावं कळेना. थोड्या वेळाने त्या तुझी वही घेऊन बाहेर आल्या आणि माझ्या हातात ठेवली.

"तो सभेतसून घराक इलो तेवा जेवलो नाय होतो," त्या म्हणाल्या. कोणत्या सभेतून ते त्यांनी सांगितलं नाही. "तुमका तेच्यासाठी काय करूचा आसा तर पयला ता सांगा. लोकांम्होर. मगे कमान करा नायतर करू नकात."

रविवारी सभा झाली. मी उभा राहून म्हणालो की कमानीचा विषय मी मागे घेतोय. गलका झाला. बाळा लाल झाला होता.

"सोताच्या हौसेक कमान बांधलास, तेवा नियम खंय गेल्लो? आता मास्तरांच्या पाळयेक नियम आठावलो?"

"होय," मी म्हटलं. "त्याच कमानीसाठी उभो रवलंय."

आणि मी सांगितलं. माझं ते वाक्य जसंच्या तसं, पगाराचं, पुस्तकाचं, कॉलेजात शिकवण्याचं. या वेळी कोणी हसलं नाही. म्हटलं, तेव्हा तुम्ही हसलात तो दोष तुमचा नाही, मी हसवलं. आग्नेल बरोबर होता आणि मी चुकलो होतो. चुकलो हे मला टाळेबंदीनंतरच कळलं होतं आणि तरीही मी त्याला तोंडाने सांगितलं नाही. मागच्या बाकावर वहिनी बसल्या होत्या. मी त्यांच्याकडे बघितलं नाही. बघितलं असतं तर पुढचं बोलता आलं नसतं.

मग तुझी वही उघडली. निवाऱ्याचं पान काढलं. तरीवर थांबणाऱ्या माणसांना बसायला चिऱ्याचा निवारा, तीन बाजूंनी भिंत, खाडीकडे उघडा. मापं तुझ्या अक्षरात आहेत. मी म्हटलं, आग्नेलचं नाव याला द्यायचं. कमानीखालून माणूस निघून जातो, इथे निदान बसेल. पण आज नाही. आज गुरूला ओढून आणला तर ज्या कोणाचं घर अर्धं झालंय त्याचं छप्पर पावसाळ्यापर्यंत व्हायचं नाही. पैसे याच नावाने बाजूला ठेवायचे, आणि कोणीही अध्यक्ष आला, मीसुद्धा, तरी त्यांना हात लावायचा नाही.

तेवढ्यात दारातून गुरूचा आवाज आला. तो कधी येऊन उभा राहिला होता कळलं नाही. कपड्यांवर चिऱ्याची लाल धूळ तशीच.

"म्हणजे अध्यक्षानू, माझे वायट दिवस इले की मगे मास्तर माका काम देतले?"

"होय रे."

गुरू आत आला. "दोन वर्सा मी त्या खुर्चेर बसान गाडयेचे नंबर लिवलंय," तो म्हणाला. "तेवा कोणी ह्या सांगला असता तर..." त्याने डोक्याचं फडकं काढून हातात घेतलं. "बरा. मगे माका भियाक नको."

सगळ्यांनी हात वर केले असं मी म्हणणार नाही. बाळाने केला नाही, आणि अजून तो माझ्याशी धड बोलत नाही. पण ठराव झाला. नियम पहिल्यांदाच इतिवृत्तात लिहिला गेला, नाहीतर इतकी वर्षं तो नुसता तुझ्या तोंडात होता आणि म्हणून मला मोडता आला. निघताना वहिनी माझ्यापाशी थांबल्या. "निवाऱ्यार नाव मोठ्या अक्षरात घाला," म्हणाल्या. "तोपर्यंत माझे डोळे बारीक झालेले आसतले."

माझी एक गोष्ट उरते. चांगल्या दिवसांत थांबणाऱ्या माणसाला कोणी हार घालत नाही, हे तू शिकवत होतास; मी ते आता शिकतोय. येत्या दोन-तीन हंगामांत लोक पुन्हा म्हणतील, पैसे पडून आहेत, हे करू, ते करू. मी नाही म्हणत राहीन. शिव्या खाईन. आणि गुरूकडे दोन माणसं चिरा तासायला शिकायला येतील असं बघेन, म्हणजे वेळ आली तर त्याच्याकडे टोळी असेल. यातलं पहिलं तुझ्यासाठी, दुसरं गुरूसाठी. माफी तू आता देऊ शकत नाहीस, म्हणून मी ती मागत नाही. एक तारखेला विचारायची तुझी पाळी मात्र मी घेतली आहे.

आज एक तारीख. सकाळी चहा घेऊन गुरूला फोन लावला.

"अडीच महिने," तो म्हणाला.

दिवस बरे आहेत, आग्नेल. थांबतोय.